दोन टप्पे, मग पास

कुठल्याही सामन्याला गेले की माझी नजर आधी स्कोअररचं टेबल शोधते. वडील मुंबईच्या क्लब क्रिकेटमध्ये स्कोअर लिहायचे, तेव्हापासूनची ही खोड. त्यामुळे 2024 च्या फेब्रुवारीत आयोवा विद्यापीठाच्या केटलिन क्लार्कने अमेरिकेतल्या कॉलेज बास्केटबॉलमध्ये विक्रम मोडायला सुरुवात केली, तेव्हा मला तिच्या थ्री-पॉइंटरपेक्षा आकड्यांनीच जास्त छळलं. आधी सांगितलं, केल्सी प्लमचे 3,527 गुण हा विक्रम, तो मोडला. दोन आठवड्यांत कळलं की लिनेट वुडर्डचे 3,649 आहेतच, तेही आता मागे पडले. मग इतके दिवस ते होते कुठे?

तर वेगळ्या कपाटात. वुडर्ड कॅन्सस विद्यापीठाकडून खेळायची तेव्हा मुलींचे सामने एनसीएए, म्हणजे कॉलेजांचे खेळ चालवणारी अमेरिकी संघटना, भरवत नव्हती. एआयएडब्ल्यू नावाची बायकांनी उभी केलेली संघटना भरवायची. 1982 मध्ये एनसीएएने मुलींची स्वतःची स्पर्धा सुरू केली, एआयएडब्ल्यू बंद पडली, आणि तिच्या काळातले गुण एनसीएएच्या विक्रमांत धरले गेले नाहीत. एनसीएएच्या हंगामानंतरच्या या स्पर्धेत असे आकडे लिहितं कोण, ते बघायला मी मार्चमध्ये आयोवा सिटीला गेले.

मुलींच्या स्पर्धेत 68 संघ असतात, आणि पहिल्या दोन फेऱ्या वरच्या 16 मानांकित संघांच्या घरी होतात. (पुरुषांच्या फेऱ्या तटस्थ शहरांत. मुलींच्या सामन्याला तिथे गर्दी जमणार नाही, असा एके काळचा हिशेब.) आयोवाचं घर म्हणजे कार्व्हर-हॉकआय अरीना. ही इमारत टेकडीत खणून बसवलेली आहे. दारातून आत गेलात की तुम्ही सगळ्यात वरच्या रांगेत असता आणि कोर्ट खाली, बारवेच्या तळाशी पाणी दिसावं तसं. पंधरा हजारांच्या आसपास माणसं, बहुतेक पिवळ्या-काळ्या कपड्यांत. वडील, आजोबा आणि क्लार्कचा 22 नंबरचा शर्ट घातलेल्या पोरी.

टेबलावर घड्याळवाला, शॉट क्लॉकवाला, अधिकृत स्कोअरर. आकडेवारीचं काम जोडीने चालतं. एक जण बघून बोलतो, दुसरा लॅपटॉपवर टाइप करतो. टाइप करणाऱ्याने कोर्टाकडे बघायचं नाही, बोलणाऱ्याने स्क्रीनकडे. मी ज्यांच्या मागे बसले होते त्या बोलणाऱ्या बाई साठीच्या पुढच्या होत्या. पांढरे कापलेले केस, गळ्यात दोरीला लावलेला चष्मा, आणि पूर्ण सपाट आवाज. होली क्रॉसविरुद्धच्या सामन्यात क्लार्कने लांबून एक थ्री मारला तेव्हा माझ्या शेजारची माणसं उभी राहून ओरडत होती. त्या गदारोळात बाईंचं चाललेलं: "बावीस, थ्री, गुड. असिस्ट वीस." पुढच्या क्षणी: "टर्नओव्हर, व्हाइट." आपल्याच संघाची चूक, त्याच आवाजात.

टेबलावर बसलेल्याने टाळी वाजवायची नाही, हा नियम. आयोवाने तो सामना 91-65 असा जिंकला, त्याबद्दल फार सांगण्यासारखं नाही.

सामन्यानंतर बाई थर्मासमधली कॉफी पीत बसल्या होत्या. मी विचारलं, तुम्ही खेळायचात का? "सिक्स-ऑन-सिक्स," त्या म्हणाल्या. "गार्ड. दोन टप्पे, मग पास."

आयोवातल्या शाळांत मुली एका संघात सहा खेळायच्या. तीन फॉरवर्ड, तीन गार्ड, मधली रेषा कुणी ओलांडायची नाही. फॉरवर्डनी फक्त गुण करायचे, गार्डनी फक्त अडवायचं. चेंडू हातात आला की जास्तीत जास्त दोन टप्पे, मग पास द्यायचा, नाहीतर फॉरवर्डने शॉट घ्यायचा. मुलींच्या शरीराला पूर्ण कोर्ट पळणं झेपणार नाही, या समजुतीतून आलेले हे नियम. पण त्याच खेळासाठी आख्खी गावं राज्याच्या राजधानीला, डे मॉइनला लोटायची. 1968 च्या राज्य फायनलमध्ये डेनिस लाँगने 64 गुण केले, समोरच्या जिनेट ओल्सनने 76, आणि तरी ओल्सनचा संघ हरला: 113-107, जादा वेळेत. हा खेळ 1993 पर्यंत टिकला.

त्या सगळ्या काळात गार्डने केलेले गुण: शून्य. ती नेम धरून बास्केटकडे चेंडू टाकूच शकत नव्हती. बाई चार वर्षं शाळेच्या संघात होत्या आणि सामन्यात एकदाही त्यांनी शॉट घेतलेला नाही. आता गेली कित्येक वर्षं त्या दुसऱ्यांचा प्रत्येक शॉट उच्चारतात. आयोवाच्या बाकावर तेव्हा सहायक प्रशिक्षक म्हणून जॅन जेन्सन होत्या. त्याही सिक्स-ऑन-सिक्सच्या, पण फॉरवर्ड. शाळेच्या शेवटच्या वर्षी त्यांची सरासरी सामन्याला 66 गुणांची होती, आणि हा आकडा आयोवात पोराटोरांना पाठ आहे. "तिला अडवणाऱ्या मुलींची नावं विचारा कुणाला," बाई म्हणाल्या. तक्रारीचा सूर नव्हता. मला मात्र राग आला.

या कामात गुण मोजणं सोपं. चेंडू आत गेला की गेला. खरी गोम असिस्टमध्ये आहे. पास मिळाल्यावर मुलीने किती हालचाल केली तर बास्केटचं श्रेय पास देणारीला द्यायचं, हे शेवटी बघणाऱ्याने ठरवायचं असतं. नियमपुस्तक टप्प्यांची संख्या सांगत नाही. बाईंचं स्वतःचं माप आहे. "दोन टप्प्यांपर्यंत मी देते." आणि हसल्या.

यजमान विद्यापीठाची माणसं आपल्या मुलींना असिस्ट सढळ हाताने वाटतात, असा आरोप सगळीकडे होतो, म्हणून सोमवारी वेस्ट व्हर्जिनियाच्या सामन्यात मी तेच मोजत बसले. वेस्ट व्हर्जिनियाचा संघ अंगावर येऊन खेळणारा, चेंडू हिसकावणारा. घरचा संघ हरतो की काय अशी वेळ आली होती, अरीना चिडीचूप. एका पाहुण्या मुलीने पास घेतला, एक टप्पा, दुसरा, आत. "असिस्ट," बाई म्हणाल्या. थोड्या वेळाने आयोवाच्या मुलीने तिसरा टप्पा घेऊन बास्केट केली. बाई काहीच बोलल्या नाहीत. टाइप करणाऱ्या पोराने न बघता बोट थांबवलं, वाट पाहिली, पुढे गेला. क्लार्कचे 32 गुण झाले, आयोवा 64-54 जिंकली.

ही माणसं आहेत म्हणून क्लार्कचे 3,951 गुण वादातीत आहेत. आकडा कपाटात टाकणारे वेगळे असतात, टेबलावरचे नव्हेत. 2021 मध्ये त्याच एनसीएएने सॅन अँटोनियोत मुलींच्या संघांना व्यायामासाठी डंबेल्सचा एक स्टँड दिला होता, पुरुषांना भलीमोठी व्यायामशाळा. एका खेळाडूने व्हिडिओ टाकला तेव्हा कुठे लाज वाटली. पुरुषांच्या स्पर्धेचं 'मार्च मॅडनेस' हे नाव मुलींच्या स्पर्धेला मिळालं ते त्याच्या पुढच्या वर्षी.

आयोवाने त्या मार्च-एप्रिलमध्ये पाच सामने जिंकले आणि फायनल साउथ कॅरोलायनाशी 87-75 अशी हरली. अमेरिकेत ती फायनल सरासरी 1 कोटी 89 लाख लोकांनी पाहिली, पुरुषांची 1 कोटी 48 लाखांनी. पुरुषांच्या स्पर्धेतला एक विजय संघाच्या कॉन्फरन्सला, म्हणजे विद्यापीठांच्या गटाला, सहा वर्षांत साधारण 20 लाख डॉलर मिळवून देतो. मुलींच्या पाच विजयांचे मिळाले शून्य. जानेवारी 2025 मध्ये एनसीएएच्या सभासदांनी 292 विरुद्ध 0 मतांनी मुलींच्या विजयांनाही पैसे द्यायचं ठरवलं. पहिल्या वर्षासाठी दीड कोटी डॉलर. हिशेब 2025 च्या स्पर्धेपासून धरला. मागची थकबाकी नाही.