काष्ठवत देह
जर्मनीतील मनोविकारतज्ज्ञ कार्ल कालबाउम यांनी १८७४ साली ज्या कॅटाटोनियाचे सविस्तर वर्णन ग्रंथरूपाने प्रसिद्ध केले, त्या व्याधीतील रुग्ण जागा असूनही बोलत नाही, घास तोंडात दिला तरी गिळत नाही, आणि त्याचा हात उचलून अधांतरी ठेवला असता तो कित्येक मिनिटे तसाच राहतो; बाहेरची बाधा समजून घरची मंडळी देवऋष्याकडे धाव घेतात, हे दुर्दैव. वस्तुतः तीव्र खिन्नता, उन्माद, स्किझोफ्रेनिया, मेंदूचा दाह, क्वचित एखादे औषध एकाएकी बंद करणे, ही तिची कारणे होत. लोराझेपामच्या इंजेक्शनाने पुष्कळदा थोड्याच वेळात वाचा फुटते. न फुटल्यास, नाहक बदनाम झालेला विद्युतोपचार भूल देऊन करतात, व तो गुणकारी ठरतो. अन्नपाणी तुटलेल्या रुग्णास मात्र विनाविलंब इस्पितळात दाखल करावे.