नाव घेणारा ढोल

ढोल कधी कुणाचं नाव घेतो का? हसू नका! ‘ब्लॅक पँथर’ सिनेमात आफ्रिकेतल्या राजा टी’चालाचं संगीत कान देऊन ऐका. त्यात एक तालवाद्य चक्क त्याला हाक मारतं. टी-चा-ला!

ही करामत करवून घेणारा संगीतकार आफ्रिकेतला नाही बरं का. तो आहे थंडगार स्वीडनचा. लुडविग योरान्सन. जन्म 1984चा, गाव लिनशोपिंग. बाबा गिटार शिकवायचे आणि मुलाचं नाव त्यांनी ठेवलं थोर संगीतकार लुडविग बीथोवेनवरून. (एवढं मोठं नाव मिळालं की रियाज चुकवायची सोयच नाही!) स्टॉकहोममध्ये संगीत शिकून लुडविग पुढच्या शिक्षणासाठी अमेरिकेत लॉस एंजेलिसला गेला. तिथे रायन कूगलर नावाचा विद्यार्थी छोटे सिनेमे बनवत होता. दोघांची गट्टी जमली. पुढे ‘ब्लॅक पँथर’ रायनकडे आला आणि संगीत अर्थातच लुडविगकडे.

पण आफ्रिकेतल्या राजाचं संगीत खोलीत बसून कसं सुचणार? पठ्ठ्या थेट सेनेगलला गेला. गायक बाबा माल यांच्यासोबत फिरला. तिथेच त्याला तामा नावाचा ढोल भेटला. काखेत मावेल एवढा, आपल्या डमरूसारखा मधे बारीक. दोन्ही तोंडांवर कातडं आणि ती दोन्ही कातडी दोऱ्यांनी एकमेकांना बांधलेली. वादक तो काखेत धरतो आणि वाकड्या काठीने वाजवतो. काख आवळली की दोऱ्या ताणल्या जातात, कातडंही ताणलं जातं, ते भराभर थरथरतं आणि आवाज चढतो. काख सैल सोडली की उतरतो. आपण बोलतो तेव्हाही आवाज असाच चढतो-उतरतो ना? तेच चढउतार काखेतून काढले की तामा बोलायला लागतो! सिनेमात तो वाजवलाय मसांबा दियोप या वादकाने. या संगीताला 2019 साली ऑस्कर मिळालं.

‘द मँडलोरियन’ मालिकेतल्या एकट्या भटक्या योद्ध्यासाठी लुडविगने बास रेकॉर्डर निवडला. म्हणजे सरळ उभी धरून वाजवायची, चांगली लांबलचक बासरी. नळी लांब, म्हणून आतल्या हवेची थरथर संथ आणि सूर खोल. ‘ओपनहायमर’ या शास्त्रज्ञावरच्या सिनेमात व्हायोलिन पुढे आलं. व्हायोलिनवर गिटारसारख्या पट्ट्या नसतात, त्यामुळे बोट घसरवत सूर हवा तितका डळमळवता येतो. शास्त्रज्ञाच्या मनातली घालमेल दाखवायला आणखी काय हवं! 2024 साली त्यालाही ऑस्कर.

मला स्वतःला मात्र ‘टेनेट’ची युक्ती सगळ्यात आवडते. त्या सिनेमात वेळ उलटी धावते. मग लुडविगने काय करावं? सूर लिहिले, ते उलटे केले, वादकांकडून तसेच उलटे वाजवून घेतले आणि ते रेकॉर्डिंग पुन्हा उलटं फिरवलं! सूर सुलटे झाले, पण कानाला काहीतरी विचित्र वाटतं. कारण घंटा ‘टण्ण’ करते तेव्हा आधी ठोका येतो, मग आवाज विरत जातो. उलट्या ध्वनीत आवाज आधी फुगत जातो आणि ठोका शेवटी.

घरी करून बघा. मोबाईलवर उलटं ऐकवणारं ॲप घ्या, मोठ्यांना विचारून हं. ‘नयन’ म्हणा आणि उलटं ऐका. जवळपास ‘नयन’च ऐकू येईल. आता ‘कनक’ म्हणा. अक्षरं उलटीसुलटी सारखीच, पण ‘क’ म्हणताना घशाशी अडवलेली हवा फट्‌कन सुटते. ती उलटी सुटली तर कशी वाजेल? ऐकायच्या आधी अंदाज बांधा.