आमदारकी सोडली, ऑडिट धरलं!

विधिमंडळाची पंचायत राज समिती अकोल्याला येणार अशी नुसती कुणकुण लागली, की तेल्हाऱ्याच्या पंचायत समितीतही जुनी कॅशबुकं आणि ‘ऑडिट पॅरा’ची अनुपालनं शोधायची धांदल उडते. समितीत आमदार, हातात लेखापरीक्षकांचे आक्षेप. हिशेब तपासणारा वेगळा, जाब विचारणारा वेगळा. पण आमदार-खासदारच उठून ऑडिटरच्या खुर्चीत बसला तर?

फ्रान्समध्ये बसतो की! सरकारी हिशेब तपासणारं तिथलं लेखा न्यायालय १८०७ साली नेपोलियनने काढलं. फिलिप सेगँ हे १९९३ ते ९७ तिथल्या लोकसभेचे सभापती होते. २००४ मध्ये ते या न्यायालयाचे प्रमुख झाले आणि २०१० मध्ये पदावर असतानाच वारले. त्यांच्या जागी उजव्या राष्ट्राध्यक्ष सारकोझींनी चक्क समाजवादी खासदार दिदिए मिगो यांना बसवलं. आपल्याकडे असं झालं असतं, तर चॅनेलवाल्यांना आठवडाभर दुसरा विषय लागला नसता!

 

ब्राझीलची तऱ्हा आणखी न्यारी. तिथल्या राष्ट्रीय लेखा न्यायालयाचे नऊ सदस्य, त्यातले सहा संसद निवडते. सदस्यांचा हुद्दा? ‘मंत्री’! आना अराइस या खासदारबाई २०११ मध्ये तिथे गेल्या आणि पुढे न्यायालयाच्या अध्यक्ष झाल्या. वडील राज्यपाल, मुलगाही राज्यपाल. घराणेशाही फक्त आपल्याकडेच आहे असं कोण म्हणतं? २०१५ मध्ये माजी खासदार आउगुस्तो नार्देस यांनी राष्ट्राध्यक्ष दिल्मा रुसेफ यांच्या सरकारचे हिशेब नाकारण्याची शिफारस मांडली, न्यायालयाने ती एकमताने उचलली. वर्षभरात महाभियोगाने बाईंची खुर्ची गेली.

आणि आपल्याकडे? राज्यघटनेत कॅगचं (नियंत्रक व महालेखापरीक्षकाचं) पद हे सर्वांत महत्त्वाचं, असं बाबासाहेबांनी १९४९ मध्ये घटना समितीत सांगितलं होतं. घटनेने आमदाराला हे पद नाकारलेलं नाही, पण आजवरचे सगळे कॅग सनदी अधिकारीच.

उलटी वारी मात्र घडली आहे. टी. एन. चतुर्वेदी कॅग असताना १९८९ मध्ये बोफोर्सचा अहवाल आला आणि विरोधी खासदारांनी लोकसभेचे धडाधड राजीनामे दिले. चतुर्वेदी १९९० मध्ये निवृत्त झाले, १९९२ मध्ये भाजपतर्फे राज्यसभेत गेले, २००२ मध्ये कर्नाटकचे राज्यपाल! निवृत्त कॅगला सरकारी पद घेता येत नाही, पण खासदारकी त्यात मोडत नाही. कायद्याला धरून असेल. आमचं मत विचाराल तर हे दार दोन्ही बाजूंनी बंदच बरं.

आपल्या नेत्यांना हिशेबाचा नाद असेल, तर संसदेची लोकलेखा समिती आहेच. तिचं अध्यक्षपद विरोधकांकडे देण्याची प्रथा १९६७ मध्ये मुंबईचे माजी महापौर मिनू मसानी यांच्यापासून पडली. गोपीनाथ मुंडे यांनीही २०१० मध्ये काही काळ ते सांभाळलं.

तुम्हाला यातलं काहीच व्हायचं नसलं, तरी नगरपरिषदेचा लेखापरीक्षण अहवाल माहितीच्या अधिकारात मागता येतो. अर्जाची फी १० रुपये.