पंपाच्या नियंत्रण पेटीतील लहान वीजपुरवठा संच

पंप आपोआप चालू व बंद करणाऱ्या पेट्या आता पुष्कळ विहिरींवर दिसतात. अशा पेटीत काडेपेटीहून लहान असा एक वीजपुरवठा संच असतो. तो 230 व्होल्टच्या विजेपासून 5 व्होल्टची वीज तयार करतो. टाकीतील पाण्याची पातळी दाखविणारी तार या 5 व्होल्टच्या बाजूस जोडतात. दोन्ही बाजूंमधील विलगन बिघडल्यास त्याच तारेत 230 व्होल्ट उतरतात आणि टाकीत हात घालणाऱ्याच्या जिवावर बेतते. म्हणून पेटी बनवून अथवा दुरुस्त करून घेताना पुढील गोष्टी पाहाव्यात.

1. फ्यूज : फेजच्या तारेवर सर्वांत आधी फ्यूज असावा. 3 वॉटच्या संचास 1 अँपिअरचा, सावकाश वितळणारा फ्यूज पुरतो. त्याच्या जागी तांब्याची तार कदापि बांधू नये.

2. व्हॅरिस्टर : मोटर बंद होताना किंवा जवळपास वीज कोसळल्यास तारांत क्षणभर फार मोठा दाब येतो. फेज व न्यूट्रल यांमध्ये जोडलेला 275 व्होल्टचा व्हॅरिस्टर तो बराचसा शोषून घेतो. परंतु तीन फेजच्या जोडणीत न्यूट्रल तुटल्यास दाब 400 व्होल्टच्या जवळपास चढू शकतो. अशा वेळी व्हॅरिस्टर तापून पेट घेतो. यास्तव तो नेहमी फ्यूजच्या नंतर जोडावा व उष्णतेने तुटणारा दुसरा फ्यूज त्याला चिकटवून, त्याच फेजच्या तारेत घालावा.

3. अंतर : 230 व 5 व्होल्टच्या जोडण्यांत निदान 8 मिलिमीटर अंतर राखावे. धूळ, ओल व मुंग्या यांमुळे जवळच्या जोडण्यांत वीज झिरपते. म्हणून पेटीची छिद्रे बुजवावीत.

4. उष्णता : संचावर त्याच्या क्षमतेच्या निम्माच भार ठेवावा व पेटी सावलीत बसवावी. दर 10 अंश उष्णतेगणिक आतील कपॅसिटरचे आयुष्य सुमारे निम्म्याने घटते.

5. गळती : लोखंडी पेटीस अर्थिंग करावे. संचाच्या पुरवठ्यावर 30 मिलिअँपिअर गळतीस तुटणारी कळ बसविल्यास विलगन बिघडल्यावरही प्राण वाचण्याची शक्यता पुष्कळ वाढते.

हे काम परवानाधारक वीजतंत्र्याकडूनच, मुख्य कळ बंद करून व सर्व तारा तपासून करवावे. ग्रामकार्यकर्त्यांनी पावसाळ्यापूर्वी आपल्या गावातील पेट्यांची अशी पाहणी घडवून आणावी.