'रक्त नको': एका नकाराचा मागोवा

१९४५ साली 'यहोवाचे साक्षीदार' या ख्रिस्ती पंथाच्या 'वॉचटॉवर' मासिकाने रक्त चढवून घेणे धर्मविरोधी ठरवले. १९६१पासून तर जाणूनबुजून रक्त घेणाऱ्याला पंथाबाहेर काढले जाऊ लागले. रक्तपेढ्यांमुळे मरणाच्या दारातून माणसे परत येत असताना हा नकार डॉक्टरांना निव्वळ हट्ट वाटला.

न्यायालयांनाही तसेच वाटे. १९६३ मध्ये वॉशिंग्टनच्या जॉर्जटाउन रुग्णालयात न्यायाधीश स्केली राइट स्वतः पोहोचले. सात महिन्यांच्या बाळाच्या आईला तिच्या मर्जीविरुद्ध रक्त देण्याचा आदेश त्यांनी दिला. ती वाचली.

१९७९ मध्ये कॅनडात अपघातात बेशुद्ध झालेल्या स्त्रीच्या पर्समध्ये 'कोणत्याही स्थितीत रक्त देऊ नये' अशा आशयाचे सही केलेले कार्ड सापडले. डॉक्टरांनी तरीही रक्त दिले. तीही वाचली, पण १९९० मध्ये ऑन्टारिओच्या अपील न्यायालयाने तिची २०,००० डॉलरची भरपाई कायम केली. जीव वाचवला तरी शरीरावरचा तिचा अधिकार डावलला गेला होता.

दरम्यान ह्यूस्टनचे शल्यविशारद डेंटन कूली यांनी या नकाराकडे कौशल्याची कसोटी म्हणून पाहिले. रक्त न देता केलेल्या हृदय-रक्तवाहिन्यांच्या ५४२ शस्त्रक्रियांचा अहवाल त्यांच्या चमूने १९७७ मध्ये प्रसिद्ध केला. आज सर्वच रुग्णांसाठी रक्त जपून वापरले जाते, त्यामागे या अनुभवाचाही वाटा आहे.

मुलांच्या बाबतीत मात्र रेषा ठाम राहिली. आईबाप स्वतःच्या श्रद्धेपायी प्राण पणाला लावू शकतात, लेकराचे नाही, हे तत्त्व अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९४४ मध्येच मांडले होते. ते योग्यच आहे: लहान मुलाने श्रद्धा निवडलेली नसते.

२०२४ मध्ये युरोपच्या मानवी हक्क न्यायालयाने स्पेनला दोषी धरले. एका स्त्रीने आधीच लिहून ठेवलेला नकार डावलला गेला होता. ती शुद्धीवर असतानाही निर्णयापूर्वी तिला कोणी विचारलेच नव्हते. आपल्याकडेही समीरा कोहली खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये निक्षून सांगितले, की तातडीचा धोका नसेल तर संमतीशिवाय शस्त्रक्रिया नाही, भले ती रुग्णाच्या हिताची असो.

या नकाराशी मी सहमत नाही. तरीही सज्ञान माणसाचा, समजून-उमजून, कुणाच्या दबावाविना दिलेला नकार पाळलाच पाहिजे. म्हणून डॉक्टरांनी नकारावर सही घेण्याआधी रुग्णाशी एकांतात बोलावे, नातेवाईक आणि धर्मगुरू यांना बाहेर थांबवून.