खडकीच्या दफनभूमींत एक सकाळ

सहल म्हटली कीं आमच्या घरांत वाद व्हावयाचाच. बोनकोड्यास आमच्या घरीं लहानमोठीं मिळून अकरा माणसें; कोणास समुद्र हवा, कोणास देऊळ हवें, तर कोणास नुसती झोंप हवी! परंतु या खेपेचा वाद निराळा होता. एका लग्नासाठीं आम्हां सर्वांस पुण्यास जावयाचें होतें. रविवारच्या चहाच्या वेळीं माझ्या पुतण्यानें जाहीर केलें कीं, लग्नाच्या दुसऱ्या दिवशीं सकाळीं आपण खडकीची लष्करी दफनभूमि पाहावयास जाऊं. एक निवृत्त अध्यापक लहानशी मंडळी बरोबर घेऊन तेथें पायीं हिंडवितात व सारी माहिती सांगतात, असें त्याच्या कानीं आलें होतें.

"लग्नाच्या दुसऱ्या दिवशीं थडगीं?" हातांतली वात तशीच धरून आत्यानें विचारलें.

आमचे थोरले बंधु अण्णा यांचा आक्षेप याहून भारी होता. "ज्या खडकीस मोरो दीक्षित पडले, पेशवाईचा दिवा जेथें मालवूं लागला, तेथें जाऊन आपण गोऱ्या शिपायांचीं थडगीं पाहावयाचीं? मला नाहीं त्याची हौस."

बेत बहुधा तेथेंच मोडला असता. परंतु घटकाभरानें आत्याच पुन्हां बोलली. "अरे, आपल्या कोंकणांतल्या घराशेजारचा तो शिपाई नव्हता का, बसऱ्याच्या लढाईंत गेलेला? त्याचें नांव तेथें असेल काय रे?"

ही हकीकत आम्ही लहानपणापासून ऐकत आलों आहोंत. शेजारच्या मराठा घरांतला तरणाताठा मुलगा पहिल्या महायुद्धांत पलटणींतून मेसापोटेमियास गेला, तो परत आला नाहीं. युद्ध संपल्यावर टपालानें एक बिल्ला आला. त्याची बायको मात्र, "बिल्ला म्हणजे कांहीं माणूस नव्हे," असें म्हणून अखेरपर्यंत कुंकू लावीत राहिली. त्या म्हातारीच्या हातचे आंबोशीचे तुकडे आत्यानें परकरी वयांत खाल्लेले आहेत. गांवच्या चावडीच्या भिंतींत त्या युद्धाचा एक दगडी लेख आहे. गांवांतून किती पुरुष युद्धावर गेले आणि त्यांतले किती कामास आले, एवढे दोन आंकडे त्यावर आहेत. नांव एकहि नाहीं.

आत्याच्या त्या प्रश्नानें वाद मिटला. अण्णासुद्धां कांहीं न बोलतां निघाले.

पुण्यास होळकर पुलाजवळ, मुळा रस्त्यावर, ही दफनभूमि आहे. फाटकांतून आंत पाऊल टाकलें आणि रस्त्यावरचा गलबला एकदम मागें राहिला. समोर विस्तीर्ण हिरवळ, तिच्यावर ओळींनीं मांडलेले एकाच घाटाचे दगड, आणि प्रत्येक दगडाच्या पायथ्याशीं फुलझाडें. "हें स्मशान कसलें, ही तर बाग आहे," असें आत्या म्हणाली. तरी घरीं गेल्यावर स्नान करावयाचें तिनें मनाशीं ठरविलेंच असावें!

आमच्या मार्गदर्शकांनीं आरंभ केला तो अण्णांच्या मनांतल्या गोष्टीपासूनच. ५ नोव्हेंबर १८१७ रोजीं याच बाजूस, गणेशखिंडीच्या माळावर, बापू गोखल्यांच्या फौजेची कंपनीच्या पलटणींशीं गांठ पडली. त्यानंतर बारा दिवसांत पुणें शहर इंग्रजांच्या हातीं गेलें आणि पुढें खडकीस त्यांची छावणी बसली. "म्हणून ही जागा आपल्याला सलते, तें योग्यच आहे," ते म्हणाले. "परंतु येथें जे निजले आहेत ते कंपनीचे शिपाई नव्हेत. ते त्यानंतर सव्वाशें वर्षांनीं मेलेले आहेत. त्यांचीं वयें तेवढीं वाचा."

आम्हीं वाचलीं. वीस, बावीस, एकोणीस, तीस. दगडाच्या माथ्यावर पलटणीचें चिन्ह, त्याखालीं क्रमांक, हुद्दा, नांव, मृत्यूची तारीख आणि वय. सर्वांत खालीं, घरच्यांनीं कळविलें असल्यास, त्यांचे दोन शब्द. दुसऱ्या महायुद्धाच्या काळांत पश्चिम व मध्य हिंदुस्थानांत जागोजागीं जे सैनिक वारले, आणि ज्यांच्या थडग्यांची मूळ जागीं कायमची निगा राहील अशी खात्री नव्हती, त्यांना येथें एकत्र आणलें गेलें. अशीं १,६६८ थडगीं येथें आहेत. शत्रु कांहीं या प्रांतापर्यंत आला नव्हता. तेव्हां आजार, अपघात आणि इस्पितळांतलें मरण यांनींच यांतल्या पुष्कळांस गांठलें असलें पाहिजे.

दगड सारे सारखेच कां, असें माझ्या पुतण्यानें विचारलें. त्याचें उत्तर ऐकण्यासारखें होतें. पहिलें महायुद्ध चालू असतांनाच, १९१७ सालीं, युद्धांतील मृतांची व्यवस्था पाहण्यासाठीं एक आयोग नेमण्यांत आला. श्रीमंत घराण्यांनीं आपल्या मुलांचीं प्रेतें मायदेशीं नेऊं नयेत, कोणाच्या थडग्यावर संगमरवरी देऊळ आणि कोणाच्या थडग्यावर मातीचा ढीग असें होऊं नये, म्हणून त्या आयोगानें ठरविलें कीं सेनापति असो कीं शिपाई असो, दगड एकाच मापाचा. हिंदुस्थान आजहि या आयोगाच्या सहा सभासद देशांपैकीं एक आहे, आणि दीडशेंहून अधिक देशांत मिळून सुमारें सतरा लक्ष मृतांची नोंद तो राखतो.

पुढें पहिल्या महायुद्धाचें स्मारक लागलें. त्यावर अठराशेंहून अधिक नांवें आहेत. हिंदुस्थानांत आणि आजच्या पाकिस्तानांत निरनिराळ्या छावण्यांच्या दफनभूमींत पुरलेले, परंतु ज्यांचीं थडगीं आतां राखतां येत नाहींत असे हे सैनिक. त्यांतले ६२९ मुंबईच्या शिवडीचे आहेत. जून १९६२ मध्यें त्यांचे अवशेष तेथून काढून येथें आणले. हें ऐकतांच आमचीं मुलें चमकलीं. शिवडी म्हणजे आमच्या खाडीच्या पलीकडचा किनारा! २०२४ सालीं खुला झालेला अटल सेतु तेथूनच निघून न्हाव्याकडे येतो. मेसापोटेमियाच्या मोहिमेचीं पुष्कळ जहाजें मुंबई बंदरांतून सुटत, आणि आजारी व जखमी होऊन आलेलीं पुष्कळ माणसेंहि त्याच बंदरांत उतरत. आमच्या शेजारचा तो शिपाईहि त्याच पाण्यावरून गेला असला पाहिजे.

जवळच १९३ आफ्रिकी सैनिकांचें स्मारक आहे. पूर्व व पश्चिम आफ्रिकेंतून आलेले हे लोक दुसऱ्या महायुद्धांत हिंदुस्थानांत, लढाईच्या मैदानापासून दूर, मरण पावले. त्यांच्या गांवीं त्यांची वाट पाहणारें कोण होतें, हा विचार आम्हां सर्वांच्याच मनांत आला असावा, कारण थोडा वेळ कोणीच बोललें नाहीं.

मग आत्यानें आपला प्रश्न विचारला. मार्गदर्शकांनीं तो पुरता ऐकून घेतला आणि म्हणाले, "आजी, तो येथें नाहीं. आपल्या हिंदु शिपायांचें दहन होत असे, म्हणून त्यांना थडगें नाहीं. त्यांचीं नांवें स्मारकांवर कोरावयाचीं, असा नियम होता. फ्रान्सांत नव शापेल येथें १९२७ सालीं उभारलेल्या स्मारकावर आपल्या ४,७०० हून अधिक सैनिकांचीं नांवें खरोखरच कोरलीं आहेत. परंतु मेसापोटेमियाचें स्मारक बसऱ्याचें. त्यावर ४०,००० हून अधिक मृतांची नोंद आहे, आणि तेथें हिंदी पलटणींतल्या अधिकाऱ्यांचीं तेवढीं नांवें घातलीं. साध्या शिपायांचा, पलटणवार, नुसता आंकडा."

"म्हणजे आपल्या चावडीसारखेंच," आत्या म्हणाली.

अण्णा इतका वेळ गप्प होते. "ज्या आयोगानें सर्वांस सारखा दगड दिला, त्यानेंच असें केलें?" त्यांनीं विचारलें.

मार्गदर्शकांनीं कांहींच लपविलें नाहीं. युरोपांत जी समता पाळली, ती आशिया व आफ्रिकेच्या मोहिमांत पाळली गेली नाहीं. १९२१ सालीं इंग्लंडांत ब्रायटनजवळच्या टेकडीवर, जेथें ५३ हिंदु व शीख सैनिकांस अग्नि दिला होता, तेथें एक सुंदर छत्री उभारली. परंतु त्यांचीं नांवें शेजारच्या दगडावर कोरलीं गेलीं तीं २०१० सालीं. एप्रिल २०२१ मध्यें आयोगाच्या चौकशी समितीनेंच कबूल केलें कीं, ४५,००० ते ५४,००० मृतांची नोंद असमानतेनें झाली आणि निदान १,१६,००० जणांची नांवानें नोंदच झाली नाहीं, किंवा मुळींच झाली नाहीं. आयोगानें त्याबद्दल क्षमा मागितली. पहिल्या महायुद्धांत हिंदुस्थानांतून तेरा लक्षांवर लोक गेले आणि सुमारें ७४,००० मेले. कूट येथें २९ एप्रिल १९१६ रोजीं जी फौज शरण गेली, ती तर पुणें डिव्हिजन याच नांवानें ओळखली जात होती, आणि तींत मराठा पलटणी होत्या.

"आतां मला सांगा," ते आत्यास म्हणाले, "तो बिल्ला अजून त्या घरीं आहे काय? असला तर त्याची कड वाचावयास सांगा. पदकाच्या कडेवर शिपायाचा क्रमांक, नांव आणि पलटण बारीक अक्षरांत कोरलेली असते. बसऱ्याच्या दगडावर नांव नसलें तरी आयोगाच्या वहींत पुष्कळांचीं नांवें आहेत, आणि ती वही आतां घरबसल्या संगणकावर पाहतां येते. नुसत्या नांवानें मात्र सांपडत नाहीं. एकाच नांवाचे शिपाई पुष्कळ असतात."

बोनकोड्यास परत आल्यावर त्याच रात्रीं आत्यानें कोंकणांत दूरध्वनि लावविला. बिल्ला होता, शंभर वर्षें देवघरांत, टांकांच्या शेजारीं होता. दरवर्षीं दसऱ्यास तो चिंचेनें घांसला जाई, परंतु त्याची कड कोणीं वाचली नव्हती. शिपायाच्या पणतवानें भिंग लावून एकेक अक्षर सांगितलें आणि माझ्या पुतण्यानें तें टिपून घेतलें. अर्ध्या तासानें आयोगाच्या नोंदींत तो सांपडला: क्रमांक, पलटण, बापाचें नांव, आपल्या गांवाचें इंग्रजींत मोडकेंतोडकें लिहिलेलें नांव, आणि मृत्यूची तारीख.

तारीख ऐकून पणतू बराच वेळ बोललाच नाहीं. मग म्हणाला, "काकू, आम्हांला तिथि ठाऊक नव्हती. आम्ही आजवर सर्वपित्रीलाच त्यांचें पान वाढत आलों."

ज्यांची मृततिथि कळत नाहीं त्यांच्यासाठीं आपल्या पूर्वजांनीं सर्वपित्री अमावास्या राखून ठेविली, हें आपण सारे जाणतों. परंतु आपल्याकडे तर्पण करावयाचें तें नांव घेऊन. नांव, गोत्र आणि तिथि कळली म्हणजे मेलेला माणूस पुन्हां घरांतला होतो. दुसऱ्या दिवशीं सकाळीं अण्णा चष्मा लावून बसले, त्यांनीं त्या वर्षाची तारीख मांडून तिथि काढली, दोनदां पडताळून पाहिली आणि स्वतःच्या हातानें एका कागदावर लिहून ती कोंकणांत धाडून दिली. खडकीस जावयास ज्यांचा विरोध होता तेच हे अण्णा!

वाचकांपैकीं पुष्कळांच्या मूळ गांवीं चावडीवर, शाळेच्या भिंतींत किंवा वेशीपाशीं असा आंकड्यांचा दगड असेल. सातारा जिल्ह्यांतल्या अपशिंगे गांवचे तर ४६ जण त्या युद्धांत कामास आले. आपल्या शेजारच्या, आपल्या कुळांच्या, आपल्या आळींतल्या घरांतून कोण गेलें होतें, हें सांगणारीं माणसें आतां ऐंशींच्या घरांत आहेत. पुढच्या सुटींत गांवीं जाल तेव्हां त्यांच्यापाशीं बसून शिपायाचें नांव, बापाचें नांव आणि पलटण लिहून घ्यावी. जुना बिल्ला निघाल्यास त्याची कड वाचावी. आत्यानें चावडीच्या दगडावरचा दुसरा आंकडा वहींत लिहून ठेविला आहे. तो सात आहे. त्यांपैकीं एकाचें नांव लागलें. राहिलेल्या सहांसाठीं ती येत्या मे महिन्यांत गांवीं जाणार आहे, आणि बरोबर अण्णा जाणार आहेत.