गंमत मनापासून करणारा संगीतकार

पेणला माझे घर आणि रोह्याला आजोळ. श्रावण लागला की पेणच्या गणपती कारखान्यांत रंगकामाची लगबग वाढते आणि कुठून तरी 'अष्टविनायक' (१९७९) मधली गाणी ऐकू येतात. महड आणि पाली हे आठांतले दोन गणपती आमच्याच रायगड जिल्ह्यातले, म्हणून ती गाणी आम्हांला घरचीच वाटतात. संगीतकार जोडी अनिल-अरुण. म्हणजे अनिल मोहिले आणि अरुण पौडवाल.

यांतल्या अरुण पौडवालांविषयी मला विशेष कुतूहल आहे. सचिनदेव बर्मन यांचे ते सहायक. भक्तिगीतांना अशा गोड चाली देणाऱ्या या माणसानेच पुढे 'गंमत जंमत' (१९८७) आणि 'अशी ही बनवाबनवी' (१९८८) या सचिन पिळगांवकरांच्या धमाल चित्रपटांना संगीत दिले. 'गंमत जंमत'साठी तर खुद्द किशोरकुमार मराठीत गायले.

विनोदी चित्रपट म्हटला की संगीतकाराला वाद्यांकडून विदूषकी करून घेण्याचा मोह होतो. 'बनवाबनवी'तले डोहाळजेवण आठवा. साडी नेसून 'पार्वती' झालेला लक्ष्मीकांत बेर्डे, सारेच सोंग! पण चाल? ती अस्सल माहेरची. पडद्यावरच्या लबाडीची तिला गंधवार्ताही नाही. म्हणूनच प्रसंग अधिक हसवतो.

या चालीची खरी किंमत मला रोह्यात कळली. दोनदा पदरी निराशा आलेल्या माझ्या मामेबहिणीचे डोहाळजेवण होते. घरात आनंद होता, पण धास्तावलेला. मोठ्याने हसायलाही जो तो बिचकत होता. कुणीतरी हेच गाणे लावले. मामीने पदर डोळ्यांना लावला, बायका ठेका धरू लागल्या आणि बहीण कितीतरी दिवसांनी मोकळी हसली. ते गाणे एका पुरुषाच्या खोट्या गर्भारपणासाठी केलेले आहे, हे तिथे सर्वांना ठाऊक होते. कुणाचेही त्यावाचून अडले नाही.

अरुण पौडवाल १९९१ साली गेले. 'बनवाबनवी'तले संवाद आजही पोरासोरांना तोंडपाठ आहेत. संगीतकाराचे नाव विचारले तर मात्र पंचाईत होते. हसवणाऱ्या चित्रपटाच्या संगीताला आपण दुय्यम समजतो, त्याचेच हे फळ. खोट्या प्रसंगाला खरी चाल देणे ही काही दुय्यम कामगिरी नव्हे. पुढच्या डोहाळजेवणाला हे गाणे लागेल तेव्हा ओटी भरता भरता कुणीतरी त्यांचे नावही घ्यावे.